काणाडोळा करून भागत नाही

मित्रांच्या बारीकसारीक सवयींकडे काणाडोळा करावा, असा सल्ला एका लेखात वाचला, पण तो मला पटला नाही. महिन्यातून एकदा भेटणाऱ्यांचं ठीक आहे हो, पण एका फ्लॅटमध्ये राहणाऱ्यांनी काय करायचं?

आमच्यातल्या एकाला मचमच करत जेवायची आणि भुरके मारत चहा प्यायची सवय. दुसरा त्या आवाजाने भरल्या ताटावरून उठायचा. बाकीच्यांना तो नखरा वाटे. पण चावण्याचे, नाक ओढण्याचे, पेन टकटकवण्याचे आवाज काहींना खरोखरच सोसत नाहीत. छातीत धडधडतं, राग अनावर होतो. याला मिसोफोनिया म्हणतात आणि २०२२ साली तज्ज्ञांनी एकत्र येऊन त्याची व्याख्याही केली आहे. अनेकांना हा त्रास परक्यांपेक्षा जवळच्या माणसांच्या आवाजानेच जास्त होतो. अशा माणसाला 'दुर्लक्ष कर' म्हणणं मला तरी निर्दयपणाचं वाटतं.

शिवाय आवाज करणाऱ्याला यातलं काहीच माहीत नसतं. त्याला एवढंच दिसतं, की मित्र हल्ली वेगळा जेवतो, तुटक बोलतो. मग तोही दुखावतो आणि दोघांचं बोलणं बंद होतं.

म्हणून वेळीच सांगावं, पण चारचौघांत टोमणा मारून नाही, एकट्याला गाठून. आमच्याकडे जेवताना पंखा मोठा करून गाणी लावायची ठरलं. आवाजात आवाज मिसळला, आणि दोघंही पुन्हा एका पंगतीला बसू लागले.