एकाच पुऱ्यातले सात पोट्टे

यंदा दिवाळीनंतरच्या कबड्डी सामन्यांसाठी आमच्या गावचा संघ एकाच पुऱ्यातल्या, म्हणजे एकाच वस्तीतल्या, पोट्ट्यांचा करायचं घाटतंय. "आपली पोरं जमून खेळतात," हे कारण. मला ते अजिबात पटलेलं नाही, म्हणून उघडच लिहितो.

कबड्डी सांगून कमी, पाहून जास्त येते. आमचा डावा कोपरा सांभाळणारा दादा तांड्यावरचा, जिनिंगमध्ये हमाली करतो. चढाईवाल्याच्या तोंडाकडे तो पाहतच नाही, नजर गुडघ्याखाली. समोरच्यानं बोनसच्या जादा गुणासाठी पाय टाकला की हा डावा गुडघा टेकून खाली जातो आणि दोन्ही हातांनी घोटा धरतो. मग सुटका नाही. त्यानं कोणाला शब्दानं काही शिकवलं नाही. पण आखरावर, म्हणजे गावच्या मोकळ्या मैदानावर, रेषेबाहेर बसून पाहणारा दहा वर्षांचा एक पोट्टा संध्याकाळी ओट्यासमोर बहिणीचा घोटा धरून पाहतो. त्याचाही डावाच गुडघा टेकतो!

आमचा चढाईवाला तलावावर मासे धरणाऱ्या घरातला. जाळं फेकताना कंबर फिरते तशीच त्याची मैदानात फिरते. पकडीतून निसटायची ती गिरकी आता तीन-चार पोरांनी उचललीय. हे दोघं संघात नसतील तर लहान पोरांनी पाहायचं काय? सात जण एकाच घडणीचे, एकच डाव सातदा.

आशियाई स्पर्धेत १९९० पासून पुरुषांची सलग सात सुवर्णं आपली होती. २०१८ ला जकार्तात उपांत्य फेरीत इराणनं आपल्याला २७-१८ हरवलं. खेळ आपलाच, पण त्या पोरांच्या अंगात कुस्ती होती आणि पकडीत ती दिसली. त्यांच्या महिलांनी तर अंतिम सामन्यात आपल्यालाच हरवून सुवर्ण नेलं, आणि त्यांच्या प्रशिक्षक होत्या नाशिकच्या शैलजा जैन. त्यांच्या फझल अत्राचलीची घोटा पकड आज आमची पोरं मोबाइलवर थांबवून थांबवून पाहतात. इराणच्या माणसाची नक्कल चालते आणि तांड्यावरच्या दादाची नाही, हे कसं बाप्पा?

जमून खेळणं सरावानं येतं. महिनाभर रोज संध्याकाळी एका मैदानात घाम गाळला की कोण कुठल्या पुऱ्यातला हे साखळी धरताना कोणाच्या ध्यानातही राहत नाही. मी स्वतः तसाच खेळलोय.

निवड रविवारी सकाळी सातला आखरावर आहे. तांड्यावर आणि तलावाकडच्या घरांत निरोप मी स्वतः नेतो. ज्यांना यायचंय त्यांनी शनिवारी मैदानाच्या रेषांना चुना मारायला या.