‘फारोकी नुसत्या जुन्या फिती जोडायचे’: हा आक्षेप का टिकत नाही

जर्मन माहितीपटकार हारुन फारोकी (१९४४–२०१४) यांच्याविषयी एक मत वारंवार पुढे केलं जातं: त्यांच्या गाजलेल्या ऐतिहासिक माहितीपटांतलं चित्रण दुसऱ्यांचं, फुटेज आयतं, त्यांनी ते एकापुढे एक लावलं. म्हणजे ते संकलक, दिग्दर्शक नव्हेत. हे मत सपशेल चूक आहे.

‘स्वतःचं असं त्यांनी काही चित्रित केलंच नाही.’ हे तर पहिल्याच पायरीवर कोसळतं. पश्चिम बर्लिनच्या चित्रपट अकादमीच्या १९६६च्या पहिल्या तुकडीतले ते विद्यार्थी. १९६८मध्ये राजकीय चळवळीपायी त्यांना तिथून काढलं गेलं. १९६९मध्ये त्यांनी नापामवर, म्हणजे आगीच्या बॉम्बमधल्या चिकट ज्वालाग्राही रसायनावर, फिल्म केली. तीत ते स्वतः टेबलाशी बसून पेटती सिगारेट हातावर दाबतात, आणि निवेदन सांगतं की सिगारेट ४०० अंशांवर जळते, नापाम ३००० अंशांवर.

‘फुटेज आपणच बोलतं, त्यात दिग्दर्शकाने काय करायचं?’ खरा मुद्दा हा, आणि इथे त्यांची २००७ची ‘आउफशूब’ (म्हणजे मुदत, लांबणीवर टाकणं) बघायलाच हवी. नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीतून नाझी ज्यूंना मृत्यूछावण्यांकडे रेल्वेने पाठवत. तिथे १९४४ साली कमांडंट गेमेकरच्या हुकमावरून रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू कैद्याने १६ मिमी फिल्मवर चित्रण केलं. पुढे अनेक माहितीपटांनी त्यातला रेल्वे सुटतानाचा भाग तेवढा उचलला. फारोकींनी उरलेलंही दाखवलं: कारखान्यातलं काम, दवाखाना, व्यायाम, रंगमंचावरची करमणूक. निवेदन नाही, संगीत नाही, फक्त दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्या. तीच दृश्यं ते दोनदा दाखवतात. शेतातल्या कामानंतर गवतावर आडव्या झालेल्या बायका आधी विश्रांती घेताना दिसतात. पाटी वाचल्यावर त्याच दृश्यात दुसऱ्या छावण्यांतल्या प्रेतांची आठवण येते. बोलणारं फुटेज असतं, तर पाटीआधीच ते बोललं असतं.

त्यातली एक सुटकेस नीट बघा. स्ट्रेचरवरून एका आजारी बाईला डब्याकडे नेलं जातंय, आणि तिच्या सुटकेसवर नाव आणि जन्मतारीख रंगवलेली आहे. फ्रेम थांबवली तरच ती अक्षरं वाचता येतात. छावणीच्या याद्यांशी ती जुळवली, तेव्हा गाडीची तारीख कळली: १९ मे १९४४. शोध अभ्यासकांचा, पण तो पडद्यावर प्रेक्षकाच्या डोळ्यांना करायला लावणं हे दिग्दर्शकाचं काम. त्याच गाडीत २४५ रोमा आणि सिंती (नाझींनी छळलेले, ‘जिप्सी’ म्हटले जाणारे समाज) होते. डब्याच्या दारातून बघणारी, डोक्याला फडकं बांधलेली मुलगी अनेक वर्षं ज्यू समजली गेली. ती सिंती होती हे १९९०च्या दशकात सिद्ध झालं.

‘आयतं’ म्हणणाऱ्यांनी असं फुटेज एकदा टेबलावर घेऊन बघावं. मूक फिल्म सेकंदाला १६ फ्रेमने चित्रित केली असेल आणि २४ने चालवली, तर ६० सेकंदांचं दृश्य ४०मध्ये संपतं. माणसं तुरुतुरु चालतात आणि गंभीर प्रसंग हास्यास्पद होतो. जुन्या फिल्मचं ४:३चं (रुंदी:उंची) चित्र आजच्या रुंद १६:९ पडद्यात बसवायला वरखाली कापलं तर उंचीचा पाव भाग जातो, आणि नेमका सुटकेसवरचा मजकूर त्या पावात असू शकतो. म्हणून प्रत्येक शॉटची नोंद ठेवावी लागते: रीळ कुठलं, पहिली-शेवटची फ्रेम कुठली, कोणी आणि कोणाच्या सांगण्यावरून घेतला, शॉटची तोडणी (कट) मूळची की नंतर कोणी केलेली. शेवटच्या दोन नोंदी राहिल्या तर प्रचारासाठी केलेलं चित्रण पुरावा म्हणून पुढे जातं. टीव्हीवर हे सतत घडतं, आणि ते चीड आणणारं आहे.

‘जोडणी कोणीही करेल.’ रुमानियाच्या क्रांतीवर फारोकी आणि आंद्रेई उइका यांनी १९९२ साली जी फिल्म केली, तिच्यासाठी सव्वाशे तासांचं फुटेज हाताशी होतं. त्यातून १०६ मिनिटं उरली. २१ डिसेंबर १९८९ला बुखारेस्टमध्ये हुकूमशहा चाउशेस्कूचं भाषण थेट चालू असताना जमावात गडबड होते. प्रक्षेपण तुटतं, पडद्यावर पाटी येते. पण कॅमेरे चालूच होते. फारोकी-उइका घरोघरी दिसलेलं चित्र आणि चित्रित झालेलं पण न दाखवलेलं चित्र शेजारीशेजारी ठेवतात. एका चौकटीत पाटी. दुसरीत कॅमेरा बाल्कनीतल्या चाउशेस्कूला सोडून वर सरकतो आणि आकाशावर जाऊन थांबतो.