सहा महिने झाले म्हणून ब्रश फेकायचा? असं काय नसतंय ओ

चार दिवस झाले आमच्या पार्लरवाल्या बायकांच्या ग्रुपवर एकच मेसेज फिरतोय, की मेकअप ब्रश कितीही भारी असू दे सहा महिन्यांनी फेका, एक केस जरी गळला तरी फेका, आणि तोपर्यंत उकळत्या पाण्यातनं काढत जा. मी कोल्हापुरात राजारामपुरीत नवरीचे मेकअप करते, आणि हे वाचून नवीन पोरी खरंच चांगले ब्रश बाजूला काढायला लागल्यात म्हणून लिहितेय.

पहिलं सहा महिन्यांचं. ब्रशला औषधासारखी तारीख नसते. मस्कारा उघडला की 3 महिन्यांत बदलायचा, स्पंजचं पण साधारण तेवढंच, कारण तो आतनं ओला राहतो. माझा बकरीच्या केसांचा पावडर ब्रश 7 वर्षं झाली अजून मऊ हाय, आणि फाउंडेशनचा एक सिंथेटिक ब्रश दुसऱ्याच सीझनला टोकं फिस्कारून गालावर रेघा ओढायला लागला, तो त्याच दिवशी काढला.

केस गळायचं म्हणाल तर नव्या ब्रशचे सुटे केस पहिल्या एक-दोन धुण्यात निघतातच. धुवून पूर्ण वाळवा, तळहातावर फिरवा, हलकं ओढून बघा, दर वेळी चार-पाच केस हातात येत असतील तर मात्र आतला गोंद सुटलाय.

आणि उकळतं पाणी, हे तर लई चुकीचं! केस धरून ठेवतो तो पत्र्याच्या कड्यातला गोंद, तोच उष्णतेनं ढिला होतो, पाणी आत शिरून दांड्याचं लाकूड फुगतं, मग कडं डुगडुगतं आणि आपण म्हणतो ब्रश जुना झाला. कोमट पाणी, बेबी शाम्पू, टोक खाली, आणि टॉवेलवर आडवा वाळवायचा, ग्लासात उभा नाही. घरी वापरणाऱ्यांनी 7 ते 10 दिवसांनी धुवावा असं अमेरिकन अकॅडमी ऑफ डर्मेटॉलॉजी सांगते, आम्हाला तर प्रत्येक नवरीनंतर धुवायलाच पाहिजे.

पावसाळ्याचं त्या मेसेजमध्ये एक अक्षर नाही. जुलैत आपल्याकडं आठ-आठ दिवस ऊन नसतं, गेल्या वर्षी एक आयशॅडोचा ब्रश दमट असतानाच पाऊचमध्ये गेला, काढला तर कुबट वास आणि केसांच्या मुळाशी काळे ठिपके, दोनदा धुतला तरी वास जाईना. घेऊन चारच महिने झालेले. मेसेजच्या हिशोबानं तो अजून दोन महिने कुणाच्या तरी पापणीवर फिरवायचा होता.

ज्या पोरींनी ब्रश पिशवीत भरून ठेवलेत त्यांनी घंटागाडीत देऊ नका, आधी धुवून, वाळवून, हाताला लावून बघा की.