गार्नेट ज्योतीवर धरू नका

गार्नेट या रत्नाबद्दल ‘खरा गार्नेट घरीच ओळखा’ असा एक संदेश फिरतोय. खरा गार्नेट लालच असतो, चुंबकाकडे ओढला गेला तर नकली, मेणबत्तीवर धरला तरी खऱ्याला काही होत नाही, खरा काचेवर ओरखडा काढतो, आणि खडा रात्रभर ठेवलेलं पाणी प्यायलं की रक्तातलं लोह वाढतं. तो वाचून मावशी अंगठी घेऊन गॅसपाशी पोहोचली, तेव्हा मात्र लिहायलाच हवं.

आधी ज्योत. गार्नेटची कठिणता मोहस मापकावर 6.5 ते 7.5 असते, पण ती ओरखड्यांपासून वाचवते, उष्णतेपासून नाही. ज्योतीकडची बाजू तापून प्रसरण पावते, दुसरी थंडच राहते, आणि आत बारीकशी भेग असेल तर ती या ताणाने पसरते. तापलेला खडा लगेच नळाखाली धरला तर तडकण्याचा धोका आणखी वाढतो. काच अशी तडकते हे खरं, पण अस्सल खडाही तडकतो, मग परीक्षा कसली झाली? रत्नपरीक्षणातली जीआयए ही संस्था गार्नेट वाफेने साफ करायलासुद्धा मनाई करते. कोमट पाणी, सौम्य साबण आणि मऊ ब्रश पुरतात.

चुंबकाचा दावा तर चक्क उलटा आहे. गार्नेटचे अनेक प्रकार आहेत; त्यातल्या अल्मंडाइनमध्ये लोह आणि स्पेसार्टाइनमध्ये मँगनीज मूळ रचनेतच असतं. सुटा खडा पाण्यावर तरंगणाऱ्या थर्माकोलच्या तुकड्यावर ठेवून निओडिमियमचा जोरदार चुंबक जवळ आणा, खडा सरकतो. लाल गार्नेटसारखं दिसणारं माणिक जवळपास हलत नाही. फ्रिजवरचा चुंबक इथे कामाचा नाही. त्सावोराइट हा हिरवा गार्नेटही फारसा हलत नाही, म्हणून न हलणारा नकली असंही समजू नका.

रंगाचं म्हणाल तर गोमेद हाही गार्नेटच, नारिंगी-तपकिरी. डिमँटॉइड हा प्रकार हिरवा. मादागास्करमध्ये तर रंग बदलणारे निळसर गार्नेटही सापडलेत.

पाण्याबद्दल एवढंच: खड्यातलं लोह सिलिकेटच्या जाळीत पक्कं बांधलेलं असतं, रात्रभरात पाण्यात उतरत नाही. हिमोग्लोबिन कमी असेल तर या नादात डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या बंद करू नका.

ओरखड्याचं अर्धं खरं आहे. गार्नेट काचेवर ओरखडा काढतो, पण तसा साधा क्वार्ट्झही काढतो आणि कृत्रिम माणिकही. वर पैलूची कड उडते ती वेगळीच.

शंका असेल तर खडा रत्नपरीक्षकाकडे न्या. खड्यात प्रकाश किती वळतो हे मोजणाऱ्या रिफ्रॅक्टोमीटरवर माणिक 1.76 ते 1.77 च्या आसपास दोन आकडे दाखवतं, गार्नेट एकच, अल्मंडाइन असेल तर साधारण 1.79. आणि 10 पटींच्या भिंगाखाली आत गोल बुडबुडे दिसले, तर ती बहुतेक काचच.