तेल गळतंय? फास सिलिकॉन!

आपलं इंदूर २०१७ पासून सलग काही वर्षं स्वच्छतेत देशात पहिलं आलं. ओला कचरा वेगळा, सुका वेगळा, रात्री रस्ते झाडले जातात. आणि लोकमान्यनगर घ्या, सुदामानगर घ्या, राजेंद्रनगर घ्या, पोर्चमध्ये जुनी डिझेल गाडी उभी असली की तिच्याखाली पुठ्ठा असतोच. पुठ्ठ्यावर काळा डाग, डागावर लाकडाचा भुसा, भुशावर पुन्हा काळा डाग. मालकाचं उत्तर ठरलेलं: "दिवाळीतच सील बदललं हो. परत सुरू झालंय."

परत सुरू झालंय म्हणे! थांबलं कधी होतं? जुनं सील, म्हणजे फिरत्या शाफ्टभोवती तेल अडवणारं रबरी कडं, ज्या कारणानं मेलं ते कारण इंजिनातच ठेवलं आणि वर नवं सील ठोकलं. त्यानं चार महिने तग धरला हेच उपकार.

गळती होते याचा राग नाही. पंधरा वर्षांच्या इंजिनाचं रबर कडक होणारच, त्यात आपल्याकडे मे महिन्यात बाहेरच ४३ अंश, बॉनेटखाली काय असेल ते विचारू नका. डोकं फिरतं ते अर्ध्या मिनिटाच्या निदानानं. गाडीखाली मोबाइलचा टॉर्च मारायचा, चेंबर, म्हणजे इंजिनाखालची तेलाची टाकी, आणि गिअरबॉक्स जिथे जुळतात तिथे ओलं दिसलं की निकाल जाहीर: "पीछे की सील गई भिया, गिअरबॉक्स उतरेगा." झालं! सहा-आठ तासांची मजुरी, क्लच प्लेट, रिलीज बेरिंग, सगळं बिलात. आणि तेल येत कुठून होतं? वरून, टॅपेट कव्हरच्या, म्हणजे इंजिनाच्या वरच्या झाकणाच्या, मागच्या कोपऱ्यातून.

अहो, तेल खाली उतरतं आणि धावत्या गाडीचा वारा त्याला मागे ढकलतो. गळती कुठलीही असो, थेंब बहुतेक मागेच पडणार. टॅपेट कव्हरची पॅकिंग, कॅमच्या टोकाचं सील, व्हॅक्यूम पंपाची ओ-रिंग, ऑइल कूलरची गॅसकेट, फिल्टरची बैठक, टर्बोचा रिटर्न पाइप, सगळ्यांचं पाणी एकाच नाल्यात. आणि तो ऑइल प्रेशरचा स्विच! काही शे रुपयांचा तुकडा. त्याच्या प्लास्टिकमधून तेल झिरपतं आणि वायरच्या टोपीत साचतं. टोपी ओढून बघायला दहा सेकंद लागतात. आत तेल दिसलं की स्विच बदला, विषय संपला. पण टोपी कोण ओढणार? त्यापेक्षा गिअरबॉक्स उतरवणं सोपं!

गळती शोधायला काही दैवी शक्ती लागत नाही. इंजिन गार असताना डिग्रीझर आणि ब्रशनं धुवा. अल्टरनेटरवर प्लास्टिकची पिशवी बांधा, आणि प्रेशरच्या पाण्याचा फवारा थेट सीलवर मारू नका. नीट वाळलं की संशयाच्या जागी टाल्कम पावडर शिंपडा, घरात असते तीच, फक्त बेल्टपासून लांब. मग बायपासवर पंधरा-वीस किलोमीटर फिरवून आणा. पांढऱ्या पावडरीवरची काळी रेघ जिथे सगळ्यात वर सुरू होते तिथे रोग. एवढ्यानं कळलं नाही तर तेलात मिसळायचा यूव्ही डाय मिळतो, तो त्याच्या टॉर्चखाली हिरवट-पिवळा चमकतो.

मागूनच गळत असेल तर थेंब बोटावर घ्या. डिझेलचं इंजिन ऑइल शाईसारखं काळं असतं, बदलल्यावर थोड्याच दिवसांत काळं होतं. गिअर ऑइल घट्ट, तपकिरी, आणि गंधकाचा असा उग्र वास की साबणानं हात धुतले तरी जात नाही. तो वास आला तर क्रँकच्या, म्हणजे इंजिनाच्या मुख्य फिरत्या दांड्याच्या, मागच्या सीलला शिव्या देऊ नका, गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टचं सील गेलंय. दोघांची ठिबकायची जागा एकच. गिअरबॉक्स उतरलाच असेल तर दोन्ही सीलं बदला, शे-दोनशेच्या वस्तूसाठी पुन्हा तोच उपद्व्याप कशाला?

बरं, समजू या की खरंच क्रँकचं सील गेलंय. मग ते गेलं कशानं? हे कोणीच विचारत नाही, आणि इथेच खरी गोम आहे.

पिस्टनच्या रिंगांतून थोडा वायू चेंबरमध्ये उतरतोच, नव्या इंजिनातही. त्याला बाहेर पडायला ब्रीदर असतो. जुन्या डिझेलमध्ये या ब्रीदरच्या नळीत आणि टॅपेट कव्हरमधल्या जाळीत काजळी आणि तेलाचा असा काला बसतो की डांबरच. वाट बंद झाली की दाब चेंबरमध्ये साठतो. सीलची ओठासारखी कड उडणारं तेल अडवायला असते, हवेचा दाब पेलायला नव्हे. मग दाब सगळ्यात कमकुवत जागा शोधतो. कधी डिपस्टिक आपोआप वर येते, कधी मागचं सील तेल ओकतं. भेरू घाट चढून आलेल्या गाडीखाली जास्त ठिबकतं आणि शहरातल्या शहरात पलासियापर्यंत जाऊन आलेलीच्या खाली कमी, ते याचमुळे. अशा इंजिनात कितीही भारी सील घाला, ते गळणार म्हणजे गळणार.

बघायला काय लागतं? एक रबरी हातमोजा. इंजिन गरम करून आयडलवर ठेवा, तेल भरायचं झाकण काढा, त्या तोंडावर मोजा ताणून बसवा. लुळा पडून राहिला किंवा किंचित आत ओढला गेला तर ठीक. फुगून पाच बोटं वर करून टाटा करायला लागला तर आधी ब्रीदर उघडा, नळी आणि जाळी डिझेलमध्ये भिजवून साफ करा, वाळवून लावा, आणि मोजा पुन्हा चढवा. तरी फुगतोय? मग बॅक कॉम्प्रेशन आहे, म्हणजे चेंबरमध्ये प्रमाणाबाहेर वायू उतरतोय. रिंगा-सिलिंडर झिजलेत का ते कॉम्प्रेशन टेस्टनं बघा. झिजलेली टर्बो किंवा व्हॅक्यूम पंपही चेंबरमध्ये हवा भरू शकतो, तेही तपासा. ही शोधाशोध न करता सीलवर पैसे घालणं म्हणजे भोकाच्या बादलीत पाणी भरणं.

दुसरं कारण शाफ्टवर. सीलची कड वर्षानुवर्षं एकाच रेषेवर घासते आणि पोलादावर चर पाडते. हो, रबर पोलाद खातं, कडेला अडकलेल्या काजळीच्या जोरावर. जुनं सील काढल्यावर शाफ्ट पुसून त्यावरून नख आडवं फिरवा. नख अडलं की नवं सील त्याच जागी बसवून उपयोग नाही, नवी कड जुन्या चरातच बसणार. जागा असेल तर सील एक-दीड मिलिमीटर आत किंवा बाहेर बसवा, कड कोऱ्या पृष्ठभागावर येते. फक्त मागचं तेलाचं भोक झाकलं जात नाही ना ते बघा. चर खोल असेल तर शाफ्टवर चढवायची पातळ रिपेअर स्लीव्ह मिळते, पाव मिलिमीटरच्या आसपास जाडीची. एवढी पातळ की बहुतेक वेळा सीलचं माप बदलावं लागत नाही. छोटी ग्वालटोलीत शाफ्टचं माप घेऊन गेलात तर स्लीव्ह मागवून मिळू शकते. पण मापच घेत नाहीत ना! सीलवर आकडे कोरलेले असतात, समजा ३५-५०-८: आतला व्यास, बाहेरचा व्यास, रुंदी. ते वाचायचे कष्ट नकोत, "इंडिका की दे दो" एवढं सांगितलं की काम झालं.

तिसरं कारण क्रँकची आगे-मागे चाल. क्लच दाबला की क्रँक पुढे सरकतो. ही चाल रोखणारे थ्रस्ट वॉशर झिजलेले असले तर ती वाढते आणि मागचं सील दर दाबाला घासून निघतं. बहुतेक इंजिनांत ०.३ मिलिमीटरच्या पुढे गेली की काळजीची गोष्ट. डायल गेज लावून दोन मिनिटांत कळतं. डायल गेज आहे का, असं गॅरेजात विचारून बघा. मासा बोलल्यासारखं तोंडाकडे बघतात.

आता बसवण्याची तऱ्हा. जुनं सील उपसायला स्क्रूड्रायव्हर घुसवायचा, तो शाफ्टवर घसरणार, आणि केसाएवढा ओरखडा पडणार. त्या ओरखड्यातून आयुष्यभर तेल येणार. सीलच्या पत्र्यात शाफ्टपासून लांब बारीक भोक पाडून छोटा स्क्रू फिरवा आणि तो पकडीनं ओढा, सील सरळ बाहेर येतं. नवं बसवताना स्प्रिंगची बाजू तेलाकडे. साध्या रबराच्या कडेला इंजिन ऑइलचं बोट फिरवा. पांढरट-काळ्या पीटीएफईच्या (टेफ्लॉनच्या) कडेचं सील असेल तर मात्र बहुतेक कंपन्या कोरडंच बसवायला सांगतात. सोबत आलेली प्लास्टिकची गाइड रिंग "ये क्या कचरा है" म्हणून फेकू नका, ती कड न दुमडता शाफ्टवर चढवायलाच दिलेली असते. आणि ठोकायचं ते सीलच्या बाहेरच्या व्यासाएवढ्या पाइपानं किंवा सॉकेटनं, चारही बाजूंनी सारखं. हातोडी थेट सीलवर? एक कोपरा आत, एक बाहेर, तिरकं बसलेलं सील, आणि वरून "नई सील डाली है, थोड़ा सेट होने दो." सेट व्हायला ते दही आहे का?

आणि मग ते सिलिकॉन. देवा! सील तिरकं? सिलिकॉन. गॅसकेट फाटली? सिलिकॉन. गॅसकेट नवी कोरी आहे? तरी दोन्ही बाजूंनी सिलिकॉन, खबरदारी म्हणून. वरताण म्हणजे गळत्या सीलवर बाहेरूनच बोटानं फासलेलं सिलिकॉन, तेही तेलकट धातूवर. ते धरणार कसं? अंगावर तेल असताना पट्टी तरी चिकटते का?

चेंबर आणि ब्लॉकच्या जोडावर काही इंजिनांत कंपनीच सिलिकॉन लावते, ते मान्य. पण तिथे जुना थर पूर्ण खरवडून, ब्रेक क्लीनरनं पुसून, दोन-तीन मिलिमीटरची एक सलग रेघ, बोल्टच्या भोकांच्या आतल्या अंगानं, आणि वर पापुद्रा धरायच्या आत चेंबर जागेवर. बोल्ट आडवे-तिडवे थोडे थोडे आवळायचे, तेल भरायचं दुसऱ्या दिवशी. आपल्याकडे अर्धी ट्यूब पिळतात आणि पंधरा मिनिटांत तेल ओतून स्टार्टर मारतात. बाहेर दिसतो तेवढा शेवया निघालेला भाग. तेवढ्याच शेवया आतही निघतात. त्या तुटतात, चेंबरच्या तळाशी जातात आणि ऑइल पंपाच्या जाळीवर बसतात. तेलाचा दाब पडतो, आधी टर्बोचे बेरिंग, मग क्रँकचे. टर्बोच्या रिटर्न पाइपाच्या गॅसकेटला लावलं तर आणखी वाईट: तो पाइप पंपावर चालत नाही, तेल वजनानं खाली उतरतं. भोक अर्धं बुजलं की तेल टर्बोत तुंबतं, एक्झॉस्टमधून निळा धूर येतो, आणि मग "टर्बो गई भिया." गेली नाही हो, तुम्ही घालवली!

टॅपेट कव्हरच्या सहा मिलिमीटरच्या बोल्टांना आठ-दहा न्यूटन-मीटर पुरतात. लांब पान्यानं जोर लावला की कव्हर वाकतं आणि रबर चेपून फाटतं. गळतंय म्हणून अजून आवळतात, मग अजून गळतं.

मालकांनाही सोडता येत नाही. तेल गळतंय म्हणून मॅक्सच्या खुणेच्या वर अर्धा लिटर "राखीव" भरणारे, १५डब्ल्यू-४० च्या जागी जाड तेल घालून गळती थांबेल असं मानणारे, आणि गळती बंद करायची बाटली ओतणारे. ती बाटली रबर फुगवते. किंचित कडक झालेलं सील काही दिवस धरतं, पण चर पडलेल्या शाफ्टला आणि बुजलेल्या ब्रीदरला ती काय फुगवणार? आणि "थेंबथेंबच तर पडतं" म्हणणारे काका! वीस थेंबांचा एक मिलिलिटर धरा. चालत्या इंजिनात पाच सेकंदाला एक थेंब म्हणजे तासाला छत्तीस मिलिलिटर. खंडव्याला जाऊन-येऊन डिपस्टिक बघा.

पुढच्या सीलकडे दुर्लक्ष करणाऱ्यांना तर हात जोडावेत. इंडिकासारख्या टायमिंग बेल्टच्या इंजिनात क्रँकचं पुढचं किंवा कॅमचं सील गळलं की तेल बेल्टवर. रबर भिजून फुगतं, दात सुटतात, बेल्ट उडी मारतो, आणि डिझेलमध्ये वाल्व्ह आणि पिस्टन यांच्यात जागाच नसते. धडाधड वाल्व्ह वाकतात. बेल्ट बदलताना सीलं त्याच वेळी बदलली तर फक्त सीलांचे पैसे लागतात, मजुरी तीच. तरी "अभी तो ठीक है" म्हणून तशीच ठेवतात.

अल्टरनेटरच्या मागे व्हॅक्यूम पंप असलेल्या गाडीत पंपाचं सील गळून तेल अल्टरनेटरच्या आत जातं. कार्बन ब्रश तेलात न्हातात, बॅटरी चार्ज होत नाही, आणि गॅरेजवाला तीन महिन्यांत दुसरा अल्टरनेटर टाकतो. पंपाचं सील? ते कुठे असतं हो?

यापुढे सील बदलायला दिलंत तर जुनं सील मागून घ्या, पिशवीत घालून. हातात घेऊन वाकवा. बांगडीसारखं कडक होऊन कट्‌कन तुटलं तर वयानं गेलं. मऊ आहे, कड अजून धारदार आहे, तर ते सील मेलंच नव्हतं. गळती दुसरीकडची, किंवा ब्रीदर बुजलेला. कडेचा एकच भाग घासून सपाट झाला असेल तर मागच्या वेळी तिरकं ठोकलं होतं. आणि आतली ती बारीक गोल स्प्रिंग मोजून बघा, आहे का. नसेल तर ती इंजिनात पडलेली असू शकते. ती हातात येईपर्यंत स्टार्टर मारू देऊ नका, आणि समोरचा "कुछ नहीं होता भिया" म्हणाला तर किल्ली खिशात घालून तिथेच स्टूल ओढून बसा.