'तीन वर्षं आहेत' म्हणे! जागा थांबणार आहे का?

आमच्या रामबागेतल्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय: 'प्रवेशात अन्याय झाला तर घाई नको. कोर्टात जायला तीन वर्षं असतात. तोवर निवेदनं देत राहा. मूल अठराचं नसेल तर मुदत सुरूच होत नाही. धनबादच्या मुलाला शेवटी जागा मिळालीच ना!' मी इंदूर खंडपीठात वकिली करते. त्यातल्या चारही मुद्द्यांत थोडं थोडं खरं आहे, पालक फसतात ते त्यामुळेच.

तीन वर्षं ही दिवाणी दाव्याची. प्रवेशासाठी करतो ती संविधानाच्या कलम 226 ची रिट, म्हणजे थेट हायकोर्टातली याचिका, तिला मुदत कायदा थेट लागू नाही. म्हणून सवड आहे असं मात्र नाही. आपल्याच मध्य प्रदेशातल्या भाईलाल भाई खटल्यात सुप्रीम कोर्टानं 1964 मध्ये सांगून ठेवलंय की दाव्याची मुदत हे साधारण माप, त्याहून कमी उशीरही अवाजवी ठरू शकतो. आणि तिथे वाद विक्रीकराच्या पैशांचा होता. पैसे उशिरानंही परत करता येतात, पहिल्या वर्षाची जागा नाही. एमबीबीएसच्या कृष्णा श्रद्धा प्रकरणात (13 डिसेंबर 2019) तर अटीच घातल्या: विद्यार्थी गुणवत्तेत बसणारा, चूक त्याची नाही, आणि तो विनाविलंब आलेला. मग अपवाद म्हणून 30 सप्टेंबर या तेव्हाच्या शेवटच्या तारखेनंतरही प्रवेश, पण महिनाभराच्या आत. नाहीतर पुढल्या वर्षी जागा.

आता निवेदनं. मागे एक काका आले होते. प्लॅस्टिकच्या पिशवीत अकरा प्रती, प्रत्येकीवर कॉलेजचा जांभळा आवक शिक्का. पहिला ऑगस्टचा, शेवटचा जानेवारीचा. 'बघा वकीलबाई, सगळ्यांची पोच आहे.' होती खरी! पाच महिन्यांच्या उशिराचा पुरावा आम्हीच समोरच्या वकिलाच्या हाती दिला. तोवर काउन्सेलिंगच्या फेऱ्या संपून त्या जागेवर दुसरी मुलगी परीक्षा देत होती. तिला उठवायचं तर तिलाही पक्षकार करायचं, आणि तिचा काय दोष? शिळ्या कढीला निवेदनानं ऊत आणता येत नाही, असंच सुप्रीम कोर्टाच्या सी. जेकब निकालाचं (2008) सार आहे. निवेदन देऊच नका असं म्हणत नाही. 'आधी आमच्याकडे मागितलंच नाही' असा आक्षेपही येतो. यादी लागली की एक निवेदन, पोच, आणि आठ दिवसांत वकील.

अज्ञान, म्हणजे अठराखालच्या, मुलांची सवलत मुदत कायद्याच्या कलम 6 मधली, मुख्यतः दाव्यांसाठी. सतरा वर्षांच्या मुलीची याचिका आई-वडील पालक म्हणून करतात. त्यात अडचण काहीच नाही.

राहिला धनबादचा मुलगा, म्हणजे धनबादच्या आयआयटीत जागा लागलेला अतुल कुमार. आयआयटीची 17,500 रुपयांची फी, मुदत 24 जून 2024, संध्याकाळी 5. ती हुकल्यावर तो राष्ट्रीय अनुसूचित जाती आयोगाकडे गेला, झारखंडच्या विधी सेवा प्राधिकरणाकडे गेला, मग मद्रास हायकोर्ट, मग दिल्लीत सुप्रीम कोर्ट. 30 सप्टेंबरला निकाल. सव्वातीन महिन्यांत एवढी दारं! शिवाय जागा मिळाली ती जादा निर्माण करून, संविधानाच्या कलम 142 खाली. तो अधिकार फक्त सुप्रीम कोर्टाचा, आपल्या एम. जी. रोडवरच्या हायकोर्टाचा नव्हे.

रिटच्या नमुन्यात 'विलंब असल्यास कारण' असा वेगळा परिच्छेद असतो. काकांचा तो मी तीनदा खोडला. शेवटी लिहिलं, 'अर्जदार निवेदनं देत होता.'