वाटीवरचं नाव

आमच्या स्वयंपाकघरात एक स्टीलची वाटी आहे. तिच्या काठाखाली टिंबाटिंबांच्या अक्षरांत कोरलंय, ‘चि. सुहासच्या मुंजीप्रीत्यर्थ सप्रेम भेट, १९७८’. या वाटीतली आमटी मी शाळेत असताना भुरकली, नोकरीत असताना भुरकली आणि आता पेन्शनीतही भुरकतोय. सुहास कोण, हे घरात कुणालाच माहीत नाही. आई होती तोवर तिला विचारलं की ती, "अरे, ते नाही का आपले..." असं सुरू करायची आणि नेमकं दूध उतू जायचं.

ताईच्या मुलीचं, मृण्मयीचं, लग्न ठरलं. लग्नात मामाचं काम म्हणजे मंगलाष्टकं चालू असताना भाचीच्या मागे उभं राहणं, आणि ते आपल्याला उत्तम जमेल अशी माझी खात्री होती. पण खातेवाटपाच्या बैठकीत ताईनं हॉल, केटरर, गुरुजी, फुलवाला, मेंदीवाली अशी सगळी खाती भराभर वाटून टाकली आणि शेवटी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"रिटर्न गिफ्ट तुझ्याकडे. तुला काय, वेळच वेळ आहे."

"आणि मामा, पर्सनलाइज्ड हवं हं," मृण्मयी म्हणाली. "आमची नावं घातलेलं. लोकांनी जपून ठेवलं पाहिजे."

पत्रिकेत छापायचं होतं, ‘आपली उपस्थिती हाच आहेर’. म्हणजे घ्यायचं काही नाही, उलट येईल त्याला द्यायचं. पस्तीस वर्षं बँकेत काढलेल्या माणसाला हा ताळेबंद काही झेपेना. दर नगाला दीडशे रुपये मंजूर झाले. माणसं चारशेवीस (या आकड्यावर भाओजी हसले, ताई हसली नाही), आणि घरटी एक नग. मग घर म्हणजे काय यावर तासभर काथ्याकूट झाला. नानाकाका आणि त्यांचे दोन मुलगे एकाच बंगल्यात राहतात, पण चुली तीन. ताईनं निवाडा दिला, "चूल वेगळी, तर नग वेगळा." एकशेऐंशी नग.

आधी मी कसब्यातली तांबट आळी गाठली. पेशवाईत कोकणातून आलेल्या तांबटांची ही आळी. ती आली हे डोळ्यांच्या आधी कानांना कळतं. एकेक ठोका देत तांब्यावर ओळीनं खळ्या पाडायच्या, याला मठारकाम म्हणतात. त्यानं भांडं देखणं तर दिसतंच, पण पत्राही कणखर होतो. एक छोटी लोटी हातात घेतली ती खाली ठेववेना. किंमत ऐकली आणि ठेववली. तरीही घासाघीस करावी म्हणून विचारलं, "एकशेऐंशी कधीपर्यंत होतील?"

"लग्न कधी आहे?"

"दोन महिन्यांनी."

"मग बारशाला देऊ," कारागीर हातोडी न थांबवता म्हणाला.

मग सावंतवाडीची लाकडी फळं. ही रंगवलेली फळं इतकी हुबेहूब असतात की ताईच्या सासूबाईंनी नमुन्याचं केळं सोलायला घेतलं. नखाला लागलं, आणि प्रस्ताव बारगळला. तुळशीची रोपं? "आणि कुणाकडची वाळली तर? लोक पहिला फोन मुलीलाच करतील, सगळं बरं आहे ना म्हणून." सुगंधी मेणबत्ती? "शुभकार्यात दिलेली ज्योत फुंकर मारून विझवायची? बरं सुचतं तुला." फोटोचं फ्रीज मॅग्नेट? त्यावर आमची हीच म्हणाली, "अहो, आमच्या फ्रीजवर गॅसवाला, प्लंबर आणि दूधवाला आहेत. यांना कुठे बसवू?"

कपाचं मात्र जवळजवळ ठरलं होतं. हा जादूचा कप. एरवी नुसता काळा दिसतो, गरम चहा ओतला की काळा रंग विरत जातो आणि आतून नवरा-नवरी उगवतात. दुकानदारानं स्वतः गरम पाणी ओतून दाखवलं. आधी कुणाच्या तरी दुसऱ्याच लग्नातल्या नवऱ्याची हनुवटी दिसली, मग मिशी, मग घाबरलेले डोळे. मी खूश होऊन नमुना घरी आणला. ताईच्या सासूबाईंनी प्रयोग शांतपणे पाहिला आणि म्हणाल्या, "म्हणजे रोज सकाळी जावयावर उकळता चहा ओतायचा?" कप गेला.

या सगळ्या भानगडीत मला एक गोष्ट दिसत होती, पण बोलायची सोय नव्हती. आपल्याकडे भेटवस्तू वापरायची थोडीच असते? ती फिरवायची असते. ब्लाउजपीस घ्या. आमच्या कपाटातून गेलेला एक आमसुली ब्लाउजपीस नाशिक, ठाणे आणि दोन हळदीकुंकवं करून सहा वर्षांनी आमच्याच घरी परत आला. कोपऱ्यावर हिनंच पाडलेला शाईचा ठिपका होता, म्हणून ओळख पटली. त्या सहा वर्षांत त्यानं पाच घरांची अब्रू राखली. ते कापड कुणाच्याही अंगाला लागलं नव्हतं, लागण्यासाठी ते होतंच कुठे? आता अशा वस्तूवर नाव घाला. संपलं! ती ज्याच्या घरी जाईल तिथे जन्मठेप भोगणार. ‘जपून ठेवतील’ म्हणजे दुसरं काय? टाकवत नाही आणि देता येत नाही.

शेवटी पितळी निरांजन ठरलं. बजेटात बसलं, शुभ होतं, आणि सासूबाईंना त्यात काही सापडलं नाही. बुडाखाली लेझरनं नावं घालायची. जागा टिचभर, म्हणून मृण्मयी म्हणाली, "पूर्ण नावं नकोत मामा. मोनोग्राम करू. मृण्मयी आणि तन्मय, एम टी." लेझरवाल्या पोरानं मोबाइलवर नमुना पाठवला. वेलबुट्टीत गुंफलेलं झकास एम टी, आणि तेच डब्याच्या झाकणावरही. ताईच्या धाकट्यानं तो पाहिला आणि म्हणाला, "डब्यावर ‘एम्प्टी’ का लिहिलंय? आत काहीच नाहीये का?"

"मग मराठीत करा," भाओजी म्हणाले. "मराठी माणसं, मराठी अक्षरं. आद्याक्षरंच घ्यायची ना?"

संध्याकाळी मराठी नमुना आला. मी, ताई, भाओजी तिघांनी पाहिला. वळण सुंदर होतं. ताईनं ‘छान’ म्हणून अंगठा टाकला. मीही टाकला. रात्री साडेदहाला हिनं माझा मोबाइल हातात घेतला आणि मला झोपेतून उठवलं.

"अहो, ‘मृ’ आणि ‘त’. जोडून वाचा."

मी वाचलं. मग लेझरवाल्याला इतक्या वेळा फोन लावला की त्याला वाटलं, कुणीतरी गेलं. एका अर्थी बरोबरच होतं.

दुसऱ्या दिवशी आद्याक्षरांचा नाद सोडून पूर्ण मजकूर पाठवला, ‘मृण्मयी-तन्मय शुभविवाह’. आता त्याच्या कॉम्प्युटरचा फॉन्ट रुसला. मोबाइलवर नीट दिसणारा मजकूर त्याच्याकडे ‘शुभववािह’ होऊन उतरायचा. वेलांटी आपलं अक्षर सोडून पुढच्याला लोंबकळायची आणि ‘ण्म’ची फाळणी व्हायची. "काका, युनिकोड आहे ना, तो कन्व्हर्ट करावा लागतो," तो म्हणाला. चार दिवस त्यानं कन्व्हर्ट केला. चौथ्या दिवशी ‘शुभविवाह’ शुद्ध आला आणि ‘तन्मय’चा ‘तनमय’ झाला. निरांजनांचा अ‍ॅडव्हान्स सोडून देऊन मी घरी येऊन पडलो.

त्याच रविवारी आमच्याकडे मृण्मयीचं केळवण होतं. ताटाभोवती महिरप, पुरणपोळी, कटाची आमटी. चांदीची वाटी ऐन वेळी सापडेना, म्हणून घाईत स्टीलची वाढली गेली. हिच्या लक्षात आलं तेव्हा उशीर झाला होता. मृण्मयी वाटी रिकामी करून तिच्याकडे टक लावून बघत होती.

"मामा, हे किती भारी आहे! हे टिंबांचं लिखाण! एकदम व्हिंटेज! आपण हेच का नाही करत?"

मी हिच्याकडे पाहिलं, हिनं छताकडे.

तर ती वाटी नमुना म्हणून पिशवीत घालून मी रविवार पेठेतल्या एका जुन्या भांड्यांच्या दुकानात गेलो. पूर्वी भांडं घेतलं की नाव फुकट घालून मिळायचं. आता नाव घालणारा माणूस सापडणंच कठीण. इथे एक आजोबा होते. त्यांनी सुहासची वाटी हातात घेतली, चष्मा कपाळावर ढकलला आणि अक्षरांवरून अंगठा फिरवला. "हात चांगला आहे. टिंबं दाट आहेत," म्हणाले. मग नवी वाटी मांडीवरच्या फडक्यात दाबून धरली, विजेची लेखणी टेकवली आणि दाढांना झिणझिण्या आणणारी घर्रर्र सुरू झाली. आधी पेन्सिलीनं आखणं नाही, मोजणं नाही. वाटी फिरत होती आणि हात होता तिथेच होता. ‘मृण्मयी’तला अर्धा ण त्यांनी एका झटक्यात काढला. मी श्वास रोखून होतो. त्यांनी एकच प्रश्न विचारला, "चि. सौ. कां. लावायचं की नुसतं?"

नुसतं. दहा दिवसांत एकशेऐंशी वाट्या, पोत्यात भरून, वर नमुन्यासकट. पाच मावस-चुलत भावंडांनी एका रात्रीत गप्पा हाणत त्या खोक्यांत भरल्या. लग्न छान झालं. मी भाचीच्या मागे उभा राहिलो. वाट्या लोकांनी घेतल्या, काहींनी दोनदा घेतल्या. अकरा उरल्या, त्या माझ्याकडे आल्या.

आठवड्यानं जेवायला बसलो तर आमटी मृण्मयी-तन्मयमध्ये. म्हटलं, माझी वाटी कुठाय? हिनं मांडणी शोधली, माळा शोधला, पोतं झटकलं. तेवढ्यात फोन वाजला. सांगलीहून तन्मयच्या आत्याबाई होत्या. लग्न कसं देखणं झालं, मठ्ठा कसा छान होता, वाटी कशी वजनदार आहे. मग आवाज जरा खाली आला.

"एक विचारू का? रागावू नका हं. हा सुहास कोण?"

"आत्याबाई," मी म्हणालो, "सत्तेचाळीस वर्षं आम्हीही तेच विचारतोय."